तारे मोजणारी सरकारी ऑफिसं, आणि आकाशाचा नकाशा खरंच कसा बनतो

ताऱ्यांचे नकाशे काढणारं सरकारी खातं म्हटलं की बऱ्याच जणांना ते गोष्टीतलं काहीतरी वाटतं, पण अशी खाती खरोखर आहेत आणि चांगली साडेतीनशे वर्षं आहेत. इंग्लंडच्या राजाने १६७५ साली ग्रीनिचची वेधशाळा काढली ती जहाजांसाठी. जहाज भर समुद्रात गेलं की आपण पूर्व-पश्चिम नेमके कुठे आहोत ते कळायचं नाही, माल बुडायचा, माणसं बुडायची, आणि त्यावर एक युक्ती सुचवलेली होती की चंद्र कुठल्या ताऱ्यापासून किती लांब दिसतोय ते मोजायचं आणि त्यावरून वेळ काढायची. आता त्यासाठी मुळात ताऱ्यांच्या जागा पक्क्या नकोत का? मग जॉन फ्लॅमस्टीडला वर्षाला १०० पौंड पगारावर नेमलं, यंत्रं बहुतेक त्याने पदरमोड करून आणली, आणि आयुष्यभर खपून सुमारे ३ हजार ताऱ्यांची यादी केली जी तो गेल्यावर १७२५ मध्ये पूर्ण छापून आली.

अमेरिकेत हे काम नौदलाकडे आहे, वॉशिंग्टनला त्यांची वेधशाळा आहे आणि ती आजही ताऱ्यांच्या याद्या काढते. आपल्याकडे कोलकात्याला पोझिशनल ॲस्ट्रॉनॉमी सेंटर आहे, ते हवामान खात्याच्या अखत्यारीत येतं, मेघनाद साहांच्या अध्यक्षतेखाली जी पंचांग सुधारणा समिती १९५२ मध्ये नेमली होती तिच्या कामातून ते पुढे उभं राहिलं. ग्रह-ताऱ्यांच्या जागा ते दरवर्षी छापतात आणि राष्ट्रीय पंचांगही तेच काढतात, मराठीतसुद्धा. आणि सध्याची सगळ्यात मोठी मोजणी केली ती युरोपियन स्पेस एजन्सीने, म्हणजे अनेक देशांच्या सरकारांनी वर्गणी काढून चालवलेल्या संस्थेने, त्या यानाचं नाव गाया. त्याच्याकडे येऊच, पण आधी ताऱ्याचा नकाशा म्हणजे नक्की काय मोजायचं ते बघू, कारण तिथेच खरी गंमत आहे.

नकाशा म्हटलं की आपल्याला चित्र आठवतं, काळ्या कागदावर पांढरे ठिपके. प्रत्यक्षात नकाशा म्हणजे एक मोठं टेबल असतं, प्रत्येक ताऱ्यासमोर आकडे. पहिले दोन आकडे दिशेचे, आकाशात कुठे बघायचं ते, पृथ्वीवर अक्षांश-रेखांश असतात तसेच. पुढचे दोन त्याच्या सरकण्याचे, म्हणजे वर्षाला तो कुठल्या बाजूला किती सरकतो. आणि पाचवा आकडा अंतर काढायचा. हे पाच आकडे मिळाले की तारा नकाशावर आला. मोजमाप असतं अंश, कला, विकला यांत, पंचांगात असतात तेच. एका अंशाच्या ६० कला, एका कलेच्या ६० विकला. पौर्णिमेचा चंद्र साधारण अर्धा अंश, म्हणजे १८०० विकलांच्या आसपास. आणि एक विकला म्हणजे केवढी, तर १ मिलीमीटरची वस्तू २०६ मीटरवरून बघितली तर जेवढी दिसेल तेवढी.

तारे सरकतात हे बरीच शतकं कुणाला माहीत नव्हतं. एडमंड हॅलीने, हो तोच धूमकेतूवाला, १७१८ मध्ये आपल्या काळातल्या जागा आणि ग्रीक लोकांनी लिहून ठेवलेल्या जागा शेजारी ठेवून बघितल्या तर व्याध, रोहिणी आणि स्वाती हे तीन तारे जागेवर नाहीत असं त्याच्या लक्षात आलं. स्वाती वर्षाला सव्वादोन विकलांपेक्षा थोडा जास्तच सरकतो. एका माणसाच्या आयुष्यात नुसत्या डोळ्यांना हे दिसणं अशक्य, पण अठराशे वर्षांत ते एक अंशाच्या वर जातं, म्हणजे चंद्राची दोन बिंबं शेजारी शेजारी ठेवा तेवढं. म्हणजे हॅलीला हा शोध लागला तो कुणीतरी अठराशे वर्षं आधी आकडे लिहून ठेवले होते म्हणून. हा मुद्दा मला फार महत्त्वाचा वाटतो, पुढे हैदराबादकडे येऊ तेव्हा तोच परत लागणार आहे.

आता अंतर. हाताचं एक बोट डोळ्यांसमोर धरा, आधी एक डोळा मिटा मग दुसरा, बोट मागच्या भिंतीवर इकडून तिकडे उडी मारतं. बोट जवळ आणलं की उडी मोठी, लांब नेलं की लहान. ताऱ्यांचं अंतर असंच काढतात, फक्त दोन डोळ्यांच्या जागी पृथ्वीच्या कक्षेची दोन टोकं घ्यायची, आज एक निरीक्षण आणि सहा महिन्यांनी दुसरं, तोवर पृथ्वी सूर्याच्या पलीकडे सुमारे ३० कोटी किलोमीटर गेलेली असते. भारताची जमीनसुद्धा याच भूमितीने मोजली गेली. विल्यम लॅम्बटनने १८०२ मध्ये मद्रासजवळ जमिनीवर एक सरळ रेघ अगदी काटेकोर मोजली आणि मग तिच्या दोन टोकांवरून लांबचे डोंगर, देवळांची शिखरं हेरून नुसत्या कोनांवरून अंतरं काढत काढत माणसं उत्तरेकडे सरकत गेली. लॅम्बटन १८२३ मध्ये मोजणी करता करताच गेला, आपल्या वर्धा जिल्ह्यातल्या हिंगणघाटला, तिथेच त्याची कबर आहे. त्रिकोणाचा पाया माहीत असेल आणि कोन नीट मोजले तर न जाता अंतर कळतं, एवढंच त्या सगळ्याचं मर्म, आणि ताऱ्यांसाठी तो पाया पृथ्वीच्या कक्षेएवढा.

अडचण अशी की एवढा पाया घेऊनसुद्धा तारे इतके लांब आहेत की कोन अगदी चिमूटभर येतात. हा कोन, म्हणजे पॅरलॅक्स, सूर्य ते पृथ्वी एवढ्या अंतरासाठी सांगायची पद्धत आहे. सूर्य सोडून सगळ्यात जवळचा तारा प्रॉक्सिमा, त्याचाही पॅरलॅक्स एका विकलेपेक्षा कमी आहे, पाऊण विकला. व्याधाचा ०.३८ विकला. पहिलं खात्रीचं अंतर फ्रीडरिश बेसेलने १८३८ मध्ये हंस तारकासमूहातल्या एका अंधुक ताऱ्याचं काढलं. आणि जमिनीवरून बघताना वातावरण हलत असतं, तारे लुकलुकतात, त्यातच ताऱ्याचं टिंब एक विकला पसरतं. जे मोजायचंय ते त्या पसरट टिंबाच्याही कितीतरी आतलं. म्हणून जमिनीवरून शंभरेक वर्षं मरमर करूनही भरवशाची अंतरं फक्त जवळच्या ताऱ्यांची मिळाली.

अंतराचं एवढं काय, असं कुणी विचारेल. तर कृत्तिकांचं उदाहरण घ्या. कृत्तिका सगळ्यांना माहीत असतात, हिवाळ्यात संध्याकाळी डोक्यावर दिसतो तो छोटासा पुंजका. युरोपने १९८९ मध्ये हिप्पार्कोस नावाचं यान सोडलं, फक्त ताऱ्यांच्या जागा मोजायला. त्याची एक मोटर पेटलीच नाही, यान ठरलेल्या कक्षेत न जाता लंबुळक्या कक्षेत अडकलं, तरी लोकांनी नेटाने काम करून घेतलं आणि १९९७ मध्ये १ लाख १८ हजार ताऱ्यांची यादी आली, विकलेच्या हजाराव्या भागापर्यंत अचूक. त्या यादीतून कृत्तिकांचं अंतर निघालं साधारण ३९० प्रकाशवर्षं. बाकी सगळ्या पद्धतींनी मात्र ४३० ते ४४० च्या घरात येत होतं. आता कृत्तिका खरंच एवढ्या जवळ असतील तर ते तारे मुळात मंद असले पाहिजेत, आणि तारे कसे जळतात याचं जे गणित आहे त्यात मग बसत नाहीत, म्हणजे एकतर यान चुकलं नाहीतर पुस्तकं चुकली. यावर जवळपास वीस वर्षं वाद चालला. हबल या अंतराळातल्या दुर्बिणीने मोजून बघितलं, रेडिओ दुर्बिणींचं जाळं वापरून २०१४ मध्ये मोजलं, आणि शेवटी गायाने सांगितलं की ४४० च्या आसपासच आहेत. म्हणजे पुस्तकं बरोबर निघाली. मला यातली आवडणारी गोष्ट ही की हिप्पार्कोसचे आकडे सगळ्यांसाठी खुले होते, म्हणून तर बाहेरच्या कुणालाही ते तपासून हे पटत नाही म्हणता आलं. सरकारी मोजणी असावी तर अशी, चूक असेल तर सापडेल अशी.

आता हैदराबाद. १८८७ मध्ये पॅरिसच्या वेधशाळेचे संचालक ॲडमिरल मूशे यांनी जगभरच्या खगोलशास्त्रज्ञांना बोलावलं आणि ठरलं की फोटोग्राफी आलीय तर सगळ्या आकाशाचे फोटो काढायचे, पट्टे पाडून वेगवेगळ्या वेधशाळांना वाटून द्यायचे. सुमारे वीस वेधशाळा, काचेच्या २० हजारांवर प्लेटा, एक मिलीमीटरला एक कला अशी मोजपट्टी सगळ्यांना सारखी. त्यातून दोन गोष्टी काढायच्या होत्या, ताऱ्यांच्या जागांची यादी आणि फोटोंचा एक मोठा नकाशा. एका प्लेटवर दोन अंश रुंद आणि दोन अंश उंच एवढंच आकाश. प्लेटवर आधीच ५-५ मिलीमीटरवर बारीक रेघांची जाळी उमटवलेली असायची, आणि मग माणूस मायक्रोस्कोपला डोळा लावून बसायचा, हा ठिपका या चौकोनात डावीकडून इतका, खालून इतका, वहीत लिही, पुढचा ठिपका. मोठ्या नकाशासाठी ज्या प्लेटा काढायच्या त्यांच्यावर एकाच जागेचे तीन फोटो प्रत्येकी अर्ध्या तासाचे, मध्ये टेलिस्कोप किंचित सरकवून, म्हणजे प्रत्येक तारा तीन ठिपक्यांचा इवलासा त्रिकोण दिसायचा आणि काचेवरचा धुळीचा कण एकटाच, तारा कुठला आणि घाण कुठली ते लगेच ओळखू यायचं. किती साधी आणि किती हुशार युक्ती! मोजायचं हे काम बऱ्याच ठिकाणी बायकांनी केलं. पॅरिसला त्या विभागाच्या प्रमुख डोरोथिया क्लुम्पके होत्या, आणि व्हॅटिकनच्या वाट्याचे पावणेपाच लाखांहून जास्त तारे चार नन्सनी मोजले.

यातला दक्षिणेकडचा एक पट्टा, उणे १७ ते उणे २३ अंशांचा, चिलीतल्या सांतियागोकडे होता पण तिकडे काम होईना, मग तो आला हैदराबादच्या निजामिया वेधशाळेकडे. ही वेधशाळा नवाब जफर जंग यांनी १९०१ मध्ये स्वतःच्या हौसेने काढली आणि त्यांच्या मृत्यूनंतर १९०८ मध्ये निजाम सरकारने ती ताब्यात घेतली, आणि त्याच सुमाराला हे काम अंगावर घेतलं. म्हणजे मराठवाडा तेव्हा निजामाच्या राज्यात, नांदेड, परभणी, बीडचा सारा ज्या तिजोरीत जायचा त्याच तिजोरीतून हे तारे मोजले गेले, हे आपल्याकडे फार कमी लोकांना माहीत आहे आणि माहीत असायला हवं असं मला मनापासून वाटतं. ८ इंची कॅमेरा-टेलिस्कोप होता. चॅटवुड, पोकॉक हे आधीचे दोन संचालक इंग्रज, पोकॉक १९१८ मध्ये वारले आणि टी. पी. भास्करन यांनी सूत्रं घेतली, पुढे वर्षानुवर्षं ती त्यांच्याकडेच होती. अनुराधा नक्षत्रातले दोन ठळक तारे याच पट्ट्यात येतात. हैदराबादने पुढे उत्तरेकडचाही एक पट्टा घेतला जो जर्मनीतल्या पोट्सडामचा राहिला होता, आणि सगळं मिळून लाखो ताऱ्यांचे आकडे १२ खंडांत छापले.

या अख्ख्या प्रकल्पाला मात्र लोक पुढे नावं ठेवायला लागले. फोटोंचा मोठा नकाशा तर कधी पुराच झाला नाही, आणि मोजणीची यादी संपता संपता विसाव्या शतकाचा मध्य उलटून गेला. तोवर अमेरिकेत मोठमोठे टेलिस्कोप, वर्णपट, आकाशगंगांचे शोध, आणि युरोपातल्या वेधशाळा आपल्या प्लेटा मोजत बसल्या, खंड कपाटात धूळ खात पडले. वेळ वाया गेला असं उघड बोललं जायचं.

मग हिप्पार्कोस आलं. त्या यानावर आणखी एक यंत्र होतं, त्याने २५ लाख ताऱ्यांच्या जागा टिपल्या होत्या, पण यान चाललंच साडेतीन वर्षं, एवढ्याशा काळात तारा सरकतो किती आणि ते कळणार कसं? तर जुनी जागा पाहिजे, जितकी जुनी तितकी बरी. तेव्हा वॉशिंग्टनच्या त्या नौदलाच्या वेधशाळेने हे सगळे जुने खंड कॉम्प्युटरवर घेतले, हैदराबादचे धरून, सगळ्या चुका नव्याने दुरुस्त केल्या, ४६ लाख तारे, आणि २००० साली कोपनहेगनच्या लोकांबरोबर मिळून टायको-२ नावाची यादी निघाली ज्यात २५ लाख ताऱ्यांचं सरकणं होतं. इथलं गणित अगदी सोपं आहे. जुन्या प्लेटवर जागा पाव विकलेने चुकली असेल असं धरा. आजच्या मानाने ती फार मोठी चूक. पण मधे ८० वर्षं गेली असतील तर ती चूक ८० ने भागायची, मग वर्षाला फक्त विकलेच्या हजाराव्या भागाच्या तिप्पट एवढीच उरते. म्हणजे काचेवर मोजलेला तो आकडा कपाटात पडून पडून दरवर्षी जास्त मोलाचा होत होता. भास्करन यांच्या लोकांनी ठिपके मोजले तेव्हा अंतराळयान हा प्रकारही नव्हता, आणि त्यांचं काम कामी आलं ते एका यानाच्याच.

गाया १९ डिसेंबर २०१३ ला फ्रेंच गयानातून उडालं आणि पृथ्वीपासून १५ लाख किलोमीटरवर, सूर्याच्या उलट बाजूला जाऊन राहिलं. ते एखाद्या ताऱ्याकडे रोखून बघत बसायचं नाही, सहा तासांत एक गिरकी असं सावकाश फिरत राहायचं आणि आकाश त्याच्या कॅमेऱ्यासमोरून सरकत जायचं, १०६ चिप्स, जवळजवळ १०० कोटी पिक्सेल. तारा चिपवरून ज्या वेगाने सरकतो बरोबर त्याच वेगाने चिपमधला विद्युतभार पुढे ढकलायचा, म्हणजे फिरत असूनही ठिपका पुसट होत नाही आणि तारा कुठल्या क्षणी कुठून गेला ते नोंदलं जातं. म्हणजे जागा मोजायचं काम वेळ मोजायचं काम होऊन जातं, आणि वेळ तर आपण फारच अचूक मोजू शकतो.

त्याला दोन टेलिस्कोप होते, एकमेकांशी १०६.५ अंशांचा कोन करून, आणि दोघांचा फोटो एकाच कॅमेऱ्यावर पडायचा. हे का, ते समजलं की सगळं यान समजलं. एका लहानशा फोटोतले सगळे तारे पृथ्वीच्या सूर्याभोवती फिरण्यामुळे एकाच वेळी एकाच बाजूला सरकलेले दिसतात, जवळचे जास्त आणि लांबचे कमी, म्हणजे तुम्हाला फक्त फरक कळतो, लांबचा स्वतः किती सरकला त्याचा अंदाजच करावा लागतो. पण शंभर अंश लांबच्या दिशेला त्याच क्षणी हे सरकणं वेगळंच असतं. दोन दिशा एकाच वेळी एकमेकींशी जोडून मोजल्या, आणि असं वर्षानुवर्षं सगळ्या आकाशभर केलं, की अंदाज न करता प्रत्येकाचा खरा पॅरलॅक्स सुटतो. अर्थात तो १०६.५ अंशांचा कोन स्वतः हलता कामा नये, म्हणून आतला सांगाडा सिलिकॉन कार्बाइडचा, उन्हापासून वाचवायला १० मीटरची छत्री, आणि तरी कोन किती हलतो ते सतत मोजणारं वेगळं उपकरण.

ठळक ताऱ्यांसाठी अचूकता विकलेच्या ५० हजाराव्या भागाच्या आसपास जाते. जून २०२२ मधल्या तिसऱ्या यादीत १८० कोटी तारे आहेत, त्यातल्या १४६ कोटींचे पाचही आकडे. एवढं करूनही आपल्या आकाशगंगेतले हे जेमतेम एक-दोन टक्के.

आणि त्यातून काय काय निघालं! ताऱ्यांच्या सरकण्याचे आकडे बघता बघता २०१८ मध्ये लक्षात आलं की आकाशगंगेत एक मोठा घोळका वेगळ्याच चालीने फिरतोय, तो सुमारे १००० कोटी वर्षांपूर्वी आपल्यात मिसळलेल्या दुसऱ्या एका आकाशगंगेचा. २०२४ मध्ये गरुड तारकासमूहात एक तारा कशाभोवती तरी हेलकावे खाताना दिसला, तिथे सूर्याच्या ३३ पट वस्तुमानाचं कृष्णविवर निघालं, २००० प्रकाशवर्षांवर. आणि रोजच्या उपयोगाचं बोलायचं तर इस्रोच्या उपग्रहांना आपलं तोंड कुठे आहे ते कळतं तेही ताऱ्यांवरून, त्यावर छोटा कॅमेरा असतो, तो दिसणारे तारे यादीशी जुळवून बघतो. यादी नसेल तर उपग्रहाला ताऱ्यांवरून दिशा कळणार नाही.

गायाने १५ जानेवारी २०२५ ला मोजणी थांबवली, स्वतःला हळूच वळवायला लागणारा वायू संपत आला होता, आणि २७ मार्चला ते सूर्याभोवतीच्या कक्षेत ढकलून बंद केलं. डेटा मात्र अजून यायचाय, चौथी यादी डिसेंबर २०२६ साठी ठरवलेली आहे आणि पाचवी त्याच्याही पुढे. व्याध मात्र या याद्यांत शोधू नका, तो गायाच्या कॅमेऱ्याला झेपत नाही इतका तेजस्वी आहे, अशा ताऱ्यांसाठी अजूनही हिप्पार्कोसचेच आकडे वापरतात.

सगळं फुकट आणि खुलं आहे, गायाच्या आर्काइव्हमध्ये लॉगिनशिवायही शोधता येतं. पहिल्यांदा जाणार असाल तर बर्नार्डचा तारा टाकून बघा, वर्षाला दहा विकलांवर सरकणारा आहे तो. पॅरलॅक्सच्या रकान्यात ५४७ च्या आसपासचा आकडा दिसेल, ते विकलेचे हजारांश. १००० ला त्याने भागा आणि येईल त्याला ३.२६ ने गुणा, सहाला किंचित कमी येतील, तेवढी प्रकाशवर्षं तो लांब आहे. मग हवा तो तारा घ्या आणि स्वतः काढून बघा.